हंटरवालीची मुलगी

मी कळमन्याहून बोलते आहे. इथल्या वस्त्यांमधल्या महिला बचत गटांची मी समन्वयक आहे. त्यामुळे एरवी माझ्या तोंडून तुम्ही पासबुक, हप्ता, व्याज, ठराव हेच ऐकता. आज केंद्रावरच्या ताईंनी सांगितलं, सिनेमावर बोला, घोडे आणि प्रेम असलेल्या एखाद्या जुन्या सिनेमावर. मी म्हटलं, बोलते, पण माझ्या सिनेमात घोड्यावर बाई बसलेली राहील.

बाई आणि घोडा म्हटलं की आपल्याला आधी बसंती आठवते. 'शोले', १९७५ सालचा. टांगा हाकणारी बसंती, तिची घोडी धन्नो आणि मागे लागलेले डाकू. तिला जरा लक्षात ठेवा, तिच्याकडे मी नंतर येणार आहे. पण बसंतीच्याही चाळीस वर्षं आधी, आपल्या आज्या-पणज्या चुलीपुढे बसल्या होत्या तेव्हा, मुंबईच्या पडद्यावर एक बाई घोडा फेकत आली होती. तिच्या हातात हंटर होता. हंटर म्हणजे चाबूक, हे आपल्याकडे कोणाला सांगायला नको.

तो सिनेमा 'हंटरवाली'. साल १९३५. गोष्ट म्हणाल तर आपल्या आजीनं सांगावी तशी. एक राज्य आहे, राजा आहे, आणि राजाला कैदेत टाकून सत्ता बळकावणारा वजीर आहे. रयतेचे हाल चालले आहेत. राजकन्या माधुरी डोळ्यांवर मुखवटा बांधते, घोड्यावर बसते आणि गरिबांवर हात टाकणाऱ्यांना चाबकानं फोडून काढते. जसवंत नावाचा एक तरुण आहे. त्याच्याशी आधी हुज्जत, मग प्रेम. एवढंच. पण लक्षात घ्या, त्या काळी सिनेमात येणं हेच चांगल्या घरच्या बाईला शोभत नाही असं मानत. १९१३ सालच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीचं काम पुरुषानं केलं होतं. मग दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी मराठी मायलेकी हिंमत करून पडद्यावर आल्या. त्यालाही वीस-बावीस वर्षंच झाली होती. आणि इथे एक बाई पुरुषाला डोक्यावर उचलून फेकत होती.

सिनेमा काढणारे दोन पारशी भाऊ होते. थोरले जे. बी. एच. वाडिया, एम. ए., एल. एल. बी. शिकलेले. धाकटे होमी वाडिया, ते दिग्दर्शक. कंपनीचं नाव वाडिया मूव्हीटोन, स्टुडिओ परळला. सहा महिने आणि ऐंशी हजारांच्या वर रुपये त्यांनी घातले. आणि सिनेमा तयार झाल्यावर विकत घ्यायला कोणी वितरकच मिळेना. बाईची मारामारी कोण पाहील, असं त्यांचं म्हणणं. शेवटी वाडियांनी आपल्या भागीदाराच्या मदतीनं स्वतःच तो लावला. तो पंचवीस आठवडे चालला. बाजारात तिच्या नावाचे चाबूक आणि पट्टे विकायला आले, आणि त्यासाठी कोणी वाडियांची परवानगीही घेतली नव्हती. कोणता माल चालेल हे अडत्याला नेहमी कळतंच असं नाही, हे कळमन्यात राहणाऱ्या बायांना मी काय सांगू!

ही हंटरवाली कोण होती? पडद्यावरचं नाव नादिया. पुढे लोक तिला फिअरलेस नादिया म्हणायला लागले, म्हणजे निडर नादिया. खरं नाव मेरी अ‍ॅन इव्हान्स. जन्म ८ जानेवारी १९०८, ऑस्ट्रेलियातल्या पर्थ शहरात. वडील इंग्रजांच्या फौजेत होते, त्यांच्याबरोबर ती लहानपणी मुंबईला आली. पहिलं महायुद्ध सुरू झालं आणि १९१५ साली वडील लढाईत मारले गेले. पोरगी तेव्हा सात वर्षांची. परका देश, विधवा आई आणि एक मुलगी. १९२२ साली मायलेकी पेशावरला गेल्या.

पेशावर म्हणजे त्या वेळच्या हिंदुस्थानच्या वायव्य सरहद्दीवरचं टोक. पलीकडे डोंगर, खैबर खिंड, अफगाणिस्तान. इंग्रजांची छावणी, पठाणांचा मुलूख, रस्ते कमी आणि घोडे जास्त. त्या मुलखात ही पोरगी घोड्यावर बसायला शिकली. बंदूक चालवायला शिकली, शिकारीला जायला लागली. कोणी तिला सिनेमासाठी शिकवलं नव्हतं. तिथे राहायचं तर जे लागतं ते ती शिकली. पुढे मुंबईहून पेशावरला जाणाऱ्या गाडीचं नाव फ्रंटियर मेल होतं, आणि १९३६ साली वाडियांनी नादियाला घेऊन जो सिनेमा काढला त्याचं नाव 'मिस फ्रंटियर मेल'. त्यात ती धावत्या आगगाडीच्या टपावर मारामारी करते. मला ते नाव फार आवडतं, सरहद्दीवर वाढलेल्या मुलीला अगदी शोभणारं.

१९२८ साली ती मुंबईला परत आली तेव्हा तिच्याजवळ आई होती आणि रॉबर्ट नावाचा लहान मुलगा. नवरा बरोबर नव्हता. आता वीस वर्षांच्या बाईवर दोन जीव. तिनं काय केलं? तेच जे तुम्ही-आम्ही करतो, मिळेल ते काम. मोठ्या दुकानात विक्रीला उभी राहिली. टायपिंग आणि शॉर्टहँड शिकली. नाच शिकली, नाचाच्या कंपनीबरोबर गावोगाव फिरली. काही दिवस सर्कशीतही होती. नादिया हे नाव तिनं याच काळात घेतलं. मग लाहोरच्या एका थिएटरच्या मॅनेजरनं तिची वाडियांशी गाठ घालून दिली. वाडियांनी सुचवलं की नाव बदलून हिंदू ठेवू आणि काळ्या केसांचा लांब टोप घालू. ती नाही म्हणाली. मी आहे तशीच राहीन. कामाची गरज होती तिला, घरी खाणारी तोंडं होती, तरी या दोन गोष्टींना ती नाही म्हणाली.

इथे मला एक बोलायचं आहे, जरा कडू वाटेल. ती गोरी होती, निळ्या डोळ्यांची, सोनेरी केसांची. तोकडी विजार घालून घोड्यावर टांग टाकून बसलेली गोरी बाई लोकांनी टाळ्या वाजवून पाहिली. तेच काम आपल्यातल्या एखाद्या सावळ्या मुलीनं केलं असतं तर लोकांनी तिला नाव ठेवलं असतं की टाळ्या दिल्या असत्या? मला वाटतं नाव ठेवलं असतं. तशा मुली नव्हत्या असंही नाही. आपल्या ललिता पवार, ज्यांना आपण फक्त खाष्ट सासू म्हणून ओळखतो, त्या तरुणपणी अशाच धाडसी सिनेमांच्या नायिका होत्या. १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात थोबाडीत मारायचा प्रसंग होता. ती थप्पड इतकी जोरात बसली की त्यांचा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेची कामं गेली. मग आयुष्यभर सासूची कामं केली, आणि काय केली! पण त्या डोळ्याकडे पाहताना आपण हसत होतो, तो डोळा कामावर गेलेला होता.

आता त्या सिनेमाकडे येते ज्याच्यासाठी मी आज बसले आहे.

'हंटरवाली'नंतर आठ वर्षांनी, १९४३ साली, त्याचा पुढचा भाग आला. आपल्या देशातला पहिला दुसरा भाग असं त्याला म्हणतात. हल्ली प्रत्येक सिनेमाचा भाग दोन, भाग तीन येतो, तेव्हा तशी पद्धत नव्हती. मधल्या काळात वाडिया बंधू वेगळे झाले होते. थोरल्या भावाला वेगळ्या धाटणीचे सिनेमे करायचे होते, धाकट्याला नादियाचेच. परळचा स्टुडिओ १९४२ साली व्ही. शांताराम यांच्याकडे गेला आणि त्याचं राजकमल कलामंदिर झालं, ज्या राजकमलचे 'नवरंग' आणि 'पिंजरा' आपण पाहिले. होमी वाडियांनी बसंत पिक्चर्स ही आपली कंपनी काढली आणि तिच्यातून नादियाला पुन्हा घोड्यावर बसवलं. जोडीला होता जॉन कावस, धिप्पाड गडी.

काळही साधा नव्हता. महायुद्ध चाललं होतं, सिनेमाची कच्ची फिल्म सरकार मोजून देत होतं. आपल्या विदर्भात तर १६ ऑगस्ट १९४२ ला चिमूर पेटलं होतं. मग फौज आली आणि त्या गावातल्या बायांवर जे अत्याचार झाले ते आपल्याकडच्या म्हाताऱ्या माणसांनी सांगितलेलं मी ऐकलं आहे. भन्साळींनी त्याची चौकशी व्हावी म्हणून ६३ दिवस उपास केला. इंग्रज सरकारच्या विरोधात उघड बोलणारा सिनेमा तेव्हा कात्रीतून सुटत नसे. पण जुलमी वजीर दाखवायला कोण अडवणार? आणि वजीर म्हटल्यावर थिएटरात बसलेल्या माणसाच्या मनात कोण येत असेल, ते आपण समजू शकतो.

या दुसऱ्या भागाचं नाव होतं 'हंटरवाली की बेटी'. हंटरवालीची मुलगी.

मी हे नाव पहिल्यांदा वाचलं तेव्हा तिथेच थांबले. माझं बी. ए. इतिहास घेऊन झालं आहे, वंशावळ्या पाठ केल्या आहेत. अमक्याचा मुलगा तमका, त्याचा मुलगा अमका. राज्य बापाकडून मुलाकडे, शेत बापाकडून मुलाकडे, दुकान बापाकडून मुलाकडे, आडनाव तर बापाचंच. आणि इथे १९४३ साली भिंतीभिंतींवर मोठ्या अक्षरात लिहिलं होतं की ही त्या बाईची मुलगी आहे. राजाची नात नाही, जसवंतची लेक नाही. हंटरवालीची. आईनं चाबूक धरला होता म्हणून मुलीनं धरला. आधी आई झालेली नादियाच आता मुलगी झाली होती, तेव्हा ती स्वतः पस्तीस वर्षांची होती. गंमत म्हणजे तिच्या घोड्याचं नावही 'पंजाब का बेटा'. घोड्याचीसुद्धा वंशावळ सांगत होते!

या नावावरून मी आमच्या एका गटाच्या बैठकीत एक उद्योग केला. हजेरी झाली, बचत गोळा झाली, मग मी मोबाईलवर नादियाच्या 'डायमंड क्वीन' या १९४० च्या सिनेमाचे काही तुकडे दाखवले. हा सिनेमा बायांच्या शिकण्याबद्दल बोलतो. त्यात नादिया खलनायकाला स्पष्ट सुनावते की आजच्या बाईवर हुकूम गाजवायचे दिवस गेले. एक आजी म्हणाली, "काय व, हे गोरी मेम हिंदी बोलून राहिली काय?" नादियाचे हिंदी उच्चार खरंच मजेदार आहेत. पण तिनं एकट्यानं चार माणसं लोळवली तेव्हा आजीच सगळ्यांत आधी हसली.

मग मी सगळ्यांना विचारलं, तुम्ही कोणाची बेटी? नवऱ्याचं नाव नको, वडिलांचं नको. आईचं नाव सांगा आणि तिच्याकडून कोणतं काम शिकलात ते सांगा. दागिने आणि भाजीची चव सोडून.

मैत्रिणींनो, बावीस बायांपैकी चौघींना आईचं खरं नाव सांगता आलं नाही. एकीची आई गावात सगळ्यांसाठी मोठ्या मुलाच्या नावानं 'अमक्याची माय' होती. घरात तिला 'माय' म्हणत, सासरचे 'सूनबाई' म्हणत. मरेपर्यंत तिचं नाव कोणी घेतलंच नाही. रेशनकार्डावर असेल, पण ते कार्ड भावाकडे.

काम मात्र प्रत्येकीला सांगता आलं. कळमना मार्केट यार्डात ज्या बाया जातात त्यांच्यातल्या एकीनं सांगितलं की दाभण आणि सुतळी घेऊन बारदाना शिवायला तिला आईनं शिकवलं, आईचा टाका इतका पक्का होता की हमाल तिचीच पोती आधी उचलत. मिरचीचे देठ खुडणारी एक होती. ती म्हणाली, हाताला तेल कधी लावायचं आणि डोळ्याला हात कसा जाऊ द्यायचा नाही, हे मायनं शिकवलं म्हणून वीस वर्षं हे काम करू शकले. एकीला संत्र्याचा ढीग नुसता पाहून किती भरेल ते सांगता येतं. ते तिला बापाकडून आलं असं सगळे समजत होते, आलं आईकडून.

ही कामं कुठल्याच वहीत आईच्या नावावर नाहीत. महाराष्ट्र सरकारनं १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांसाठी नियम केला आहे की कागदपत्रांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव लिहायचं. ज्यांच्या घरी त्यानंतर बाळ झालं त्यांनी जन्मदाखला काढताना नीट पाहून घ्या, आईचं नाव आलं आहे का, त्याचं शुद्धलेखन बरोबर आहे का. नंतर दुरुस्तीला फार चकरा पडतात. हे सांगायला मला कोणी सांगितलं नाही, पण माइक हातात आहे तर सांगून घेते.

आता प्रेमाकडे येते. सिनेमात प्रेम होतंच, पण पडद्यामागचं प्रेम त्याहून मोठं होतं.

नादिया आणि होमी वाडिया यांचं एकमेकांवर मन होतं. दोघांनी मिळून इतके सिनेमे केले, तो सांगेल त्या कड्यावरून ती उडी घेत होती. पण ती ख्रिस्ती घरातली गोरी बाई, पदरात मुलगा. हे जुन्या वळणाचं पारशी घर. होमींच्या आईला हे लग्न मान्य नव्हतं. थोरला भाऊ बाजूचा होता, तरी आईच्या शब्दापुढे होमी गेले नाहीत. आणि नादियाही थांबली. एक वर्ष नाही, पाच वर्षं नाही. वीस-पंचवीस वर्षं. आई गेल्यानंतर १९६१ साली दोघांनी लग्न केलं. नवरी ५३ वर्षांची, नवरा पन्नाशीचा.

ज्या बाईनं सिंहांसोबत काम केलं, धावत्या गाडीच्या टपावर उभी राहिली, ती सासूपुढे थांबली. काही जणी म्हणतील, वा, किती मोठं मन, म्हाताऱ्या आईला दुखावलं नाही. मला तसं म्हणवत नाही. त्या म्हाताऱ्या बाईचीही बाजू असेल, जातीबाहेर गेलेल्या मुलाला समाज काय म्हणेल याची भीती असेल. पण एका बाईच्या नाहीमुळे दुसऱ्या बाईची पंचवीस वर्षं गेली, आणि मधला माणूस दोघींचा मान राखतो आहे असं स्वतःला सांगत राहिला. होमींबद्दल मला आदर आहे. तिला त्यांनी कधी सोडलं नाही, तिच्या पुढेमागे राहिले. तरी हा हिशेब माझ्या वहीत जुळत नाही.

लग्नानंतर तिनं घोडा सोडला असं समजू नका. तिचा शेवटचा सिनेमा 'खिलाडी' १९६८ सालचा, म्हणजे साठाव्या वर्षी ती पडद्यावर होती. पुढे लोक तिला विसरले. १९९३ साली जे. बी. एच. वाडियांचा नातू रियाद यानं तिच्यावर माहितीपट काढला आणि देशोदेशी लोकांना पुन्हा कळलं की अशी एक बाई होऊन गेली. ९ जानेवारी १९९६ ला, अठ्ठ्याऐंशीवा वाढदिवस झाल्याच्या दुसऱ्या दिवशी, ती मुंबईत गेली.

आता बसंती. 'शोले'त टांगा उधळतो, त्यातली जोखमीची दृश्यं हेमा मालिनींच्या जागी रेश्मा पठाण नावाच्या मुलीनं केली. घरात पैसे नव्हते म्हणून चौदा-पंधराव्या वर्षी ती या कामाला लागली होती. टांगा उलटण्याच्या प्रसंगात ती चांगलीच जखमी झाली. त्याआधी नायिकेच्या जागी उडी मारायला बहुतेक वेळा पुरुषच असे, साडी नेसवून आणि टोप घालून. स्टंट करणाऱ्यांच्या संघटनेत ती पहिली बाई. म्हणजे १९३५ साली नादिया स्वतःच्या अंगावर सगळं घेत होती, आणि तीसेक वर्षांनी पुन्हा पुरुषाला साडी नेसवायची वेळ आली होती. पुढे गेलो की मागे आलो, मला सांगा. पहिला भाग झाला म्हणजे दुसरा भाग आपोआप निघतो असं नाही. १९४३ साली तो निघाला, कारण होमीनं पैसे घातले आणि नादिया परत घोड्यावर बसली.

आता आमच्याकडचं सांगते. जिचं आहे तिला विचारून सांगते, नाव सांगत नाही.

बारदाना शिवणारी जी बाई मी म्हटली, तिची मुलगी बावीस वर्षांची आहे. शेजाऱ्याच्या ई-रिक्षावर ती चालवायला शिकली. अशी सफाईनं चालवते की यार्डाच्या दारात सकाळी ट्रकांची गर्दी असते त्यातूनही वाट काढते. मी तिच्या मागे बसून गेले आहे, बसल्या जागी देवाचं नाव घेत होते, पण गेले. तिला स्वतःची ई-रिक्षा घ्यायची आहे. सरकारची पिंक ई-रिक्षा योजना २०२४ ला आली, त्यात आपलं नागपूर आहे. किमतीतले दहा टक्के बाईनं भरायचे, वीस टक्के सरकार देतं, सत्तर टक्के बँकेचं कर्ज. हे दहा टक्के गटातून कर्जाऊ मिळावेत असा तिच्या आईचा अर्ज आमच्याकडे आला आहे.

आणि त्याच वेळी मुलीची सोयरीक जुळत आली आहे. मुलगा ओळखीचा, दोघांचं एकमेकांशी पटतं, हे वस्तीला माहीत आहे. मुलाची हरकत नाही. त्याच्या आईची आहे. सून रिक्षा चालवेल तर लोक काय म्हणतील, दिवसभर अनोळखी माणसं मागे बसतील, रात्रीचं भाडं आलं तर? त्या मावशींना मी भेटले. त्या वाईट बाई नाहीत. त्यांनी स्वतः डोक्यावर टोपली घेऊन भाजी विकली आहे आणि रस्त्यावर बाईला काय ऐकावं लागतं ते त्यांना माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. त्या म्हणाल्या, "मी सोसलं, तिनं काऊन सोसावं?" याला पटकन उत्तर देता येत नाही. मी म्हटलं, मावशी, टोपली डोक्यावर होती, रिक्षा हातात राहील. त्यांनी ऐकून घेतलं, हो म्हटलं नाही.

मुलगा म्हणतो, थोडं थांबू, मायचं मन वळेल. मुलीनं आमच्यासोबत मोबाईलवर नादिया पाहिली होती, तिची गोष्टही ऐकली होती. ती मला म्हणाली, "ताई, मी पंचवीस वर्षं थांबू काय?"

गटातही दोन तट आहेत. काही जणी म्हणतात, लग्न ठरू द्या, मग कर्ज देऊ, सासरच्यांनी रिक्षा विकून टाकली तर आपले पैसे कोण फेडेल? हा प्रश्न बरोबर आहे. गटाचा पैसा घामाचा आहे, तो भावनेवर देता येत नाही. म्हणून मी सांगितलं आहे की रिक्षा मुलीच्या एकटीच्या नावावर घ्यायची, हप्त्याचं खातं तिचं एकटीचं, जामीन तिची आई आणि गटातल्या दोघी. रिक्षाची किंमत, बॅटरीची हमी आणि दुरुस्ती कुठे होईल ते विकणाऱ्याकडून लिहून घ्यायचं, तोंडी बोलण्यावर जायचं नाही. वाहन परवाना आधी काढायचा. ज्यांना आपल्या गटातून असं कर्ज घ्यायचं आहे त्यांनीही हेच करा, मुलगी असो की सून.

मावशींनाही बैठकीला बोलावलं आहे. येतील की नाही माहीत नाही. आल्या तर रिक्षातूनच येतील, कारण त्यांचा गुडघा दुखतो आणि त्यांच्या गल्लीतून दुसरं वाहन मिळत नाही. आणायला कोण जाणार, यावर मुलीची आणि तिच्या आईची सध्या चर्चा चालली आहे. ठराव गुरुवारी दुपारी दोनला मांडला जाईल. गटाच्या सभासदांनी पासबुक घेऊन वेळेवर यावं. आणि अर्जावर मुलीचं नाव लिहिताना मी तिच्या आईला विचारलं, नावापुढे काय लिहू? तिनं दाभण कमरेला खोचली, पेन माझ्या हातातून घेतलं आणि मुलीच्या नावापुढे स्वतःचं नाव स्वतः लिहिलं. अक्षर जरा वाकडं आलं आहे, पण वाचता येतं.